दोन डॉलरचं सरबताचं दुकान

घरापुढच्या रस्त्यावर मांडलेलं एक टेबल, एवढंच दुकान. माल एकच, लिंबाचं सरबत. गल्ल्यात दोन डॉलर. रोज सकाळी तीनच गोष्टी ठरवायच्या: ग्लास किती करायचे, जाहिरातीच्या पाट्या किती लावायच्या आणि ग्लासाचा भाव काय ठेवायचा. आकडे टाकले की पडद्यावर दिवसाचा हिशेब येतो. खप किती, खर्च किती, नफा किती. मग दुसरा दिवस. ‘लेमोनेड स्टँड’ हा संगणकावरचा खेळ इतकाच आहे. धंद्याचे खेळ पुढे किती तरी निघाले, पण वाणिज्य शिकवणाऱ्या माणसाला याच्याइतका कामाचा दुसरा मला माहीत नाही.

मी बार्शीत कनिष्ठ महाविद्यालयात अकरावी-बारावीला शिकवते. आमच्या वर्गातली बरीच मुलं दुकानदारांच्या घरची. कुणाची आडत, कुणाचं किराणा, कुणाचं कापडाचं. पुस्तपालनातलं खतावणीचं प्रकरण त्यांना झोप आणतं, पण हा खेळ भिंतीवर लावला की मागचा बाकसुद्धा पुढे सरकतो. खेळात तीसपर्यंत दुकानं चालवता येतात, त्यामुळे वर्गाचे गट पाडून प्रत्येकाला एक दुकान देता येतं.

खेळ अमेरिकेतला आहे. तिथल्या मिनेसोटा राज्यात १९७३ साली शाळांना संगणक वापरता यावेत म्हणून एक संस्था निघाली, मिनेसोटा एज्युकेशनल कॉम्प्युटिंग कन्सॉर्शियम. तिथल्या बॉब जेमिसन यांनी त्याच वर्षी हा खेळ लिहिला. तेव्हा शाळेत पडदेवाला संगणक नव्हता. टंकयंत्रासारखं एक यंत्र टेलिफोनच्या तारेने दूरच्या मोठ्या संगणकाला जोडलेलं असे आणि उत्तर कागदावर छापून येई. १९७९मध्ये अ‍ॅपल कंपनीच्या चार्ली केल्नर यांनी हा खेळ ‘अ‍ॅपल टू’वर आणला. पुढची काही वर्षं तो त्या संगणकाबरोबरच मिळायचा, म्हणून अमेरिकेतल्या एका पिढीला त्यातलं लेमन्सव्हिल हे गाव पाठ आहे. आज तो ब्राउझरमध्येही चालवता येतो.

त्याचा प्रोग्रॅम बेसिक भाषेत आहे आणि उघडा आहे, वाचता येतो. पुढचे आकडे त्यातल्या सूत्रांवरून काढले आहेत. तुम्ही कागद-पेन्सिल घेऊन ते पडताळून पाहू शकता.

भाव एकदाच शोधायचा

पहिले दोन दिवस खेळ तुमच्यावर मेहेरबान असतो. आई साखर फुकट देते, म्हणून ग्लासाला खर्च फक्त दोन सेंट. ऊन असतं, पाऊस नसतो, रस्त्याचं काम नसतं. तिसऱ्या दिवशी आई साखर देणं बंद करते आणि खर्च चार सेंटवर जातो. सातव्या दिवशी सरबताचं मिश्रण महागतं आणि खर्च पाच सेंट होतो. म्हणजे शिकायला सगळ्यात स्वस्त दिवस पहिले दोन. चुकायचं असेल ते तिथेच चुकून घ्यावं.

आधी भाव बघू. एकही पाटी लावली नाही आणि साधं ऊन असलं, तर पाच सेंट भावाला ४२ ग्लास खपतात. आठला ३४, दहाला ३०, बाराला २०, पंधराला १३, विसाला ७. आता यातला नफा काढा. पाच सेंटला ४२ ग्लास विकून दर ग्लासामागे तीन सेंट सुटतात, एकूण १२६. वीस सेंटला ७ ग्लास विकून दर ग्लासामागे अठरा सुटतात, एकूण पुन्हा १२६! एकाच्या टेबलाभोवती दिवसभर गर्दी, दुसऱ्याकडे सात गिऱ्हाइकं, आणि रात्री दोघांच्या हातात सारखाच पैसा. आमच्या मुलांना हे पहिल्यांदा दिसतं तेव्हा ती चिडतात. गर्दी म्हणजे धंदा, हे त्यांनी घरी पाहिलेलं असतं. मग मी दहा सेंटचा आकडा काढायला लावते: ३० ग्लास, प्रत्येकी आठ सेंट, म्हणजे २४०. जवळजवळ दुप्पट.

या गावाचं असं आहे की दहापर्यंत भाव चढला तर गिऱ्हाईक हळूहळू कमी होतं आणि दहाच्या पुढे गेलं की भराभर पांगतं. सगळा खेळ त्या दहाच्या उंबरठ्यावर आहे. तो सापडला की भावाला पुन्हा हात लावायचा नाही.

इथे बहुतेक गट घसरतात ते तिसऱ्या दिवशी. साखर बंद झाली, खर्च दुप्पट झाला, की लगेच भाव बारा-तेरावर नेतात. घरी दुकानात असंच होतं ना! पण गिऱ्हाइकाला तुमच्या आईच्या साखरेशी काय देणंघेणं? त्याला फक्त भाव दिसतो. खर्च पाच सेंट झाल्यावरही दहाला विकलं तर पाटीशिवाय १५० सेंट सुटतात, बाराला विकलं तर १४०. वाढलेला खर्च या गावात गिऱ्हाइकाच्या गळ्यात घालता येत नाही, तो आपल्याच नफ्यातून जातो. हे कडू आहे, पण भाव वाढवून ते गोड होत नाही.

सगळा माल खपला, म्हणून खूश?

सरबत रोज सकाळी एकदाच करायचं. दुपारी कमी पडलं म्हणून पुन्हा करता येत नाही, उरलं तर दुसऱ्या दिवशी चालत नाही. म्हणून ‘ग्लास किती’ हा प्रश्न भावापेक्षा अवघड आहे आणि तो रोज नव्याने पडतो.

पहिल्या दिवशी एका गटाने भाव दहा ठेवला, चार पाट्या लावल्या आणि ४० ग्लास केले. चाळीसच्या चाळीस खपले. नफा २६० सेंट. टाळ्या पडल्या. दुसऱ्या गटाने त्याच भावाला तितक्याच पाट्या लावून ७० ग्लास केले. ग्लासांचे १४० आणि पाट्यांचे ६० मिळून त्यांनी गल्ल्यातले दोन्ही डॉलर पार संपवले. खपले ५५, पंधरा ग्लास ओतून द्यावे लागले. तरी नफा ३५० सेंट.

ओतून दिलेल्या पंधरा ग्लासांचे तीस सेंट बुडाले खरे, पण या गटाला एक गोष्ट कळली जी पहिल्याला कळलीच नाही: या भावाला, इतक्या पाट्यांना गावाची तहान ५५ ग्लासांची आहे. पहिल्या गटाला फक्त ‘चाळीसपेक्षा कमी नाही’ एवढंच ठाऊक झालं. त्यांचं परत गेलेलं गिऱ्हाईक हिशेबात कुठेच दिसत नाही. फेकलेला माल डोळ्यांना दिसतो आणि मनाला लागतो. न केलेला माल दिसत नाही, म्हणून लागतही नाही. पहिल्या गटाचं त्या दिवशीचं न दिसणारं नुकसान १२० सेंटचं होतं, दुसऱ्याचं दिसणारं तीसचं.

माझ्या मते या खेळातला मुख्य डाव हाच आहे. ग्लास दोन सेंटला पडतो तेव्हा मुद्दाम जास्त करायचे, किती उरले ते वहीत लिहायचं आणि तिसऱ्या दिवसापासून त्या आकड्यावर नेमका माल काढायचा. एका वेळी एकच गोष्ट बदलायची हेही तितकंच महत्त्वाचं. भावही बदलला, पाट्याही बदलल्या आणि खप वाढला, तर श्रेय कुणाला द्यायचं?

तिसऱ्या पाटीनंतर

एका पाटीला पंधरा सेंट पडतात. दहा सेंट भावाला पाटी नसताना ३० ग्लास जातात. पहिली पाटी ११ ग्लास जास्त खपवते, दुसरी ७, तिसरी ५, चौथी २, पाचवीही २. पाट्या कितीही वाढवल्या तरी खप साठाच्या पुढे जात नाही. गावात माणसं तेवढीच आहेत.

साखर फुकट असताना ग्लासामागे आठ सेंट सुटतात. म्हणजे चौथ्या पाटीने सोळा सेंट आणले आणि पंधरा खाल्ले, राहिला एक. पाचवीचंही तसंच. खर्च पाच सेंट झाल्यावर दोन ग्लासांमागे दहाच सेंट सुटतात आणि चौथी पाटी चक्क तोट्यात जाते. म्हणून सातव्या दिवसानंतर साध्या उन्हाला तीन पाट्या आणि ५३ ग्लास. नफा २२० सेंट. याहून जास्त या गावात साध्या दिवशी निघत नाही.

‘जाहिरातीचा उपयोग होतो का?’ असा प्रश्न परीक्षेत येतो. त्यावर मुलं पानभर फायदे लिहितात. खेळ त्यांना दुसरा प्रश्न विचारायला लावतो: पुढच्या पाटीचा उपयोग किती? दुकान चालवणाऱ्याला हाच प्रश्न रोज सोडवायचा असतो.

आभाळ आणि रस्ता

तिसऱ्या दिवसापासून हवामान बदलतं. उष्णतेची लाट आली की खप दुप्पट होतो. तेव्हा भाव वाढवायचा मोह आवरायचा आणि माल वाढवायचा. दहा सेंट, पाच पाट्या, ११५ ग्लास, नफा पुरते पाच डॉलर.

ढगाळ दिवसाची गंमत निराळी. पडद्यावर येतं, हलक्या पावसाची शक्यता पन्नास टक्के. हा आकडा तीसपासून सत्तरपर्यंत असू शकतो आणि प्रोग्रॅम तेवढ्या टक्क्यांनी खप कापतो. पन्नास टक्के म्हणजे गिऱ्हाईक निम्मं. इथवर मुलं पटकन पोचतात. आमच्या वर्गातल्या आडतीच्या घरच्या एका मुलाने फळ्यावर मांडलं: दोन पाट्या, २४ ग्लास, खर्च १५० सेंट, विक्री २४०, नफा ९०. बरोबर आहे.

पण ढगाळ दिवशी साधारण चारात एकदा मोठं वादळ येतं आणि टेबल मांडतामांडताच सगळं वाहून जातं. किराणा दुकानदाराची एक मुलगी उठली आणि म्हणाली, “मॅडम, हा एका दिवसाचा नफा झाला. चार ढगाळ दिवसांचा काढू द्या.” तिने त्याच्या आकड्यांखाली रेघ मारली. त्याचे तीन दिवस नव्वद-नव्वदचे, म्हणजे २७०. चौथ्या दिवशी वादळात १५० गेले. राहिले १२०. मग स्वतःचं मांडलं: पाटी एकही नाही, १५ ग्लास, खर्च ७५, नफा ७५. तीन दिवसांचे २२५, चौथ्या दिवशी ७५ बुडाले. राहिले १५०. कमी कमावणारा बेत चार दिवसांत तीस सेंटने पुढे गेला. तो मुलगा म्हणाला, “पण वादळ आलंच नाही तर?” ती म्हणाली, “मग तू जिंकलास. पण ते तुला सकाळी कुठं माहीत असतंय?”

यानंतर जोखीम म्हणजे काय हे मला वेगळं सांगावं लागलं नाही.

कधीकधी सकाळी सूचना येते की आज तुमच्या रस्त्याचं काम आहे, वाहतूक नाही. मग दोनच गोष्टी होऊ शकतात आणि दोन्हींची शक्यता सारखी: खप नेहमीच्या एक दशांशावर येतो, नाहीतर रस्त्यावरचे कामगार जेवणाच्या सुट्टीत सगळं सरबत घेऊन टाकतात. सातव्या दिवसानंतर ग्लास पाचला पडतो आणि दहाला विकला जातो, म्हणजे पाच मिळणार किंवा पाच जाणार. निव्वळ छापा-काटा. तिसऱ्या ते सहाव्या दिवसात मात्र सहा मिळतात किंवा चार जातात, तेव्हा थोडं धाडस परवडतं. मी मुलांना एवढंच सांगते की पुढे असाल तर अशा दिवशी हात आखडता घ्या, मागे असाल आणि दिवस थोडे उरले असतील तर खेळून बघा.

पैसा वाढतो, गाव वाढत नाही

आठ-दहा दिवसांत गल्ल्यात वीसेक डॉलर जमतात आणि मग खरी परीक्षा सुरू होते. खेळ एका दिवसात हजार ग्लासांपर्यंत करू देतो. पैसा आहे, परवानगी आहे, मग हात शिवशिवतात. एका गटाने साध्या उन्हाच्या दिवशी २०० ग्लास केले. तीन पाट्या, भाव दहा. गावाने नेहमीसारखे ५३ घेतले आणि पाच डॉलर पंधरा सेंट सरबताबरोबर वाहून गेले. गटाचं म्हणणं होतं की भांडवल नुसतं पडून राहिलं तर उपयोग काय.

पहिल्या सकाळी दोन डॉलर हीच मर्यादा असते. नंतर मर्यादा गिऱ्हाइकाची असते. साध्या दिवशी तीन डॉलर दहा सेंट गुंतवले की या धंद्यातून निघण्यासारखं सगळं निघतं. चौथा डॉलर इथे बेकार आहे, त्याला दुसरा धंदा हवा. वादळात बुडून दिवाळं निघणारे गट नेहमी असेच असतात. वादळ सगळ्यांवर सारखंच येतं, पण ७५ सेंट घातलेल्याचे ७५ जातात आणि वीस डॉलर घातलेल्याचे वीस.

खेळात काय नाही

खेळात स्पर्धा नाही. दुसऱ्यांच्या विक्रीचा तुमच्या दुकानावर काही परिणाम होणार नाही, असं सुरुवातीच्या सूचनांतच लिहिलेलं आहे. आपल्याकडे घरोघर खेळल्या जाणाऱ्या ‘व्यापार’मध्ये दुसऱ्याला कंगाल केल्याशिवाय जिंकता येत नाही आणि निम्मं काम फाशाच्या हाती असतं. इथे शेजारचा कितीही हुशार असला तरी तुमचा खप तुमच्याच तीन आकड्यांवर आणि आभाळावर. त्यामुळे शेजाऱ्याला दोष देता येत नाही. शिकण्यासाठी ते बरं, पण त्याला बाजार समजू नये.

स्पर्धा नाही, पण दुसऱ्यांशी व्यवहार आहे, असा अनुभव हवा असेल तर पुढची पायरी म्हणजे अमेरिकेतल्या एमआयटीमध्ये जे फॉरेस्टर यांच्या गटाकडून आलेला ‘बिअर गेम’. किरकोळ विक्रेता, घाऊक व्यापारी, वितरक आणि कारखाना अशा चौघांनी एकमेकांकडे मागणी नोंदवायची, माल यायला वेळ लागतो. गिऱ्हाइकाची मागणी एकदाच चारवरून आठ पेट्यांवर जाते आणि तिथेच राहते. तरी घाबरून दिलेल्या ऑर्डरींमुळे आधी सगळीकडे टंचाई होते आणि नंतर गोदामं ओसंडतात. तो खेळायला चौघं आणि एक मोठं टेबल पुरतं.

लेमन्सव्हिलमध्ये आणखी एक गोष्ट नाही, आणि ती आमच्या वर्गाने पहिल्याच तासाला पकडली: उधारी. सगळे रोखीने पितात. त्या किराणावाल्या मुलीला हे मुळीच पटेना. मग आम्ही खेळाबाहेर, वहीवर, एक नियम वाढवला: विक्रीतला चौथा हिस्सा खात्यावर लिहायचा आणि तो परत आलाच नाही असं धरायचं. साध्या दिवशी ५३ ग्लासांचे ५३० सेंट येतात. त्यातला चौथा हिस्सा म्हणजे साधारण १३२. मुलांचा अंदाज होता की नफाही पावपट कमी होईल. पण ग्लास आणि पाट्या यांचे ३१० सेंट तर आधीच खर्चून झालेले असतात, ते कमी होत नाहीत. बुडालेलं सगळं नफ्यातूनच जातं. २२० सेंट नफ्याचे राहिले ८८. विक्रीतला पाव बुडाला आणि नफ्यातला निम्म्याहून जास्त गेला.

वर्गात कुणीतरी लगेच विचारलं, मग आपल्याकडे दुकानदार उधारी देतात तरी कशाला? त्यावर तीच मुलगी म्हणाली, “नाही दिली तर गिऱ्हाईक समोरच्या दुकानात जातंय.” खेळात समोरचं दुकान नाही म्हणून उधारीही नाही, हे त्यांचं त्यांनीच जोडलं. खेळाच्या भिंती कुठे संपतात ते कळलं की तो खेळ शिकून झाला.

घरी मुलांबरोबर खेळून पाहायचा असेल तर बारा दिवसांचा डाव ठेवा आणि एक वही जवळ घ्या. सहा रकाने आखा: हवामान, भाव, पाट्या, केलेले ग्लास, खपलेले ग्लास, नफा. ‘केलेले’ आणि ‘खपलेले’ हे दोन रकाने शेजारी शेजारी असू द्या. ज्या दिवशी दोन्ही आकडे सारखे येतील, त्या दिवशी मुलांना विचारा की आणखी किती खपले असते. बाकीचा धडा मुलं स्वतः शोधतात, फक्त उत्तर सांगण्याची घाई मोठ्यांनी करू नये.